दोन महासत्ता आणि एक नवा देश : भारताची अलिप्तता प्रत्यक्षात कशी चालत होती

३ सप्टेंबर १९३९ रोजी व्हाइसरॉय लॉर्ड लिनलिथगो यांनी भारत जर्मनीविरुद्धच्या युद्धात उतरल्याचे जाहीर केले. हा निर्णय घेण्यापूर्वी त्यांनी ना मध्यवर्ती कायदेमंडळाला विचारले, ना प्रांतांत सत्तेवर असलेल्या लोकनियुक्त मंत्रिमंडळांना. त्याच्या निषेधार्थ काँग्रेसच्या मंत्रिमंडळांनी राजीनामे दिले, पण युद्ध थांबले नाही. युद्ध संपेपर्यंत भारतीय सेनेत सुमारे पंचवीस लाख माणसे भरती झाली होती आणि त्यांनी कोठे लढायचे हे लंडनमध्ये ठरत होते. स्वतंत्र भारताच्या परराष्ट्र धोरणाची चर्चा बहुधा नेहरूंच्या आदर्शवादापासून सुरू केली जाते. मला ती १९३९ पासून सुरू करणे अधिक योग्य वाटते, कारण परराष्ट्र धोरण दुसऱ्याच्या हाती असले म्हणजे आपली माणसे कोणत्या युद्धात मरतील हेही दुसराच ठरवतो, हा अनुभव ज्या पिढीने घेतला त्याच पिढीच्या हाती १९४७ मध्ये देशाचा कारभार आला.

स्वातंत्र्य मिळण्याच्या जवळजवळ एक वर्ष आधी, ७ सप्टेंबर १९४६ रोजी, हंगामी सरकारचे उपाध्यक्ष या नात्याने नेहरूंनी रेडिओवरून केलेल्या भाषणात या धोरणाची दिशा सांगून टाकली होती. परस्परांविरुद्ध उभ्या ठाकलेल्या गटांच्या सत्तास्पर्धेपासून भारत शक्य तितका दूर राहील, कारण याच गटबाजीतून पूर्वी महायुद्धे झाली आहेत, असा त्या भाषणाचा आशय होता. त्या वेळी ही केवळ इच्छा होती. ती प्रत्यक्षात आणणे अवघड का होते हे समजण्यासाठी तेव्हाच्या जगाकडे पाहावे लागते.

दुसरे महायुद्ध संपताच विजेत्यांमध्ये फूट पडली. मार्च १९४७ मध्ये अमेरिकेचे अध्यक्ष ट्रुमन यांनी असे मांडले की, प्रत्येक राष्ट्राला दोन जीवनपद्धतींपैकी एकीची निवड करणे आता भाग आहे. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये सोव्हिएत नेते झ्दानोव्ह यांनी जग साम्राज्यवादी आणि साम्राज्यवादविरोधी अशा दोन छावण्यांत विभागले गेल्याचे सांगितले. एकमेकांचे कट्टर शत्रू असलेल्या या दोघांचे एका बाबतीत मात्र एकमत होते, ते म्हणजे मध्ये उभे राहायला जागा नाही. १९४९ मध्ये अमेरिकेच्या नेतृत्वाखालील नाटो आणि १९५५ मध्ये सोव्हिएत गटाचा वॉर्सा हे लष्करी करार झाले आणि युरोपचा बहुतेक भाग या किंवा त्या बाजूला बांधला गेला. नुकत्याच स्वतंत्र झालेल्या, फाळणीने रक्तबंबाळ झालेल्या आणि अन्नधान्यासाठी आयातीवर अवलंबून असलेल्या भारताने अशा जगात दोन्ही छावण्यांबाहेर राहायचे ठरवले होते.

या धोरणात नेमके काय होते आणि काय नव्हते

अलिप्ततेची तुलना स्वित्झर्लंडच्या तटस्थतेशी केली जाते, पण ती फसवी आहे. स्वित्झर्लंडची कायमची तटस्थता युरोपातील सत्तांनी १८१५ मध्ये मान्य केली होती, आणि जागतिक वादांत न पडण्याचे पथ्य त्या देशाने इतके कटाक्षाने पाळले की संयुक्त राष्ट्रांचे सदस्यत्वही २००२ पर्यंत घेतले नाही. भारत मात्र संयुक्त राष्ट्रांचा संस्थापक सदस्य होता आणि पहिल्या दिवसापासून तेथे तावातावाने बोलत होता. दक्षिण आफ्रिकेतील वंशभेद, इंडोनेशियावरील डच आक्रमण, वसाहतींचे स्वातंत्र्य अशा प्रत्येक प्रश्नावर त्याची ठाम बाजू होती. ऑक्टोबर १९४९ मध्ये अमेरिकी काँग्रेसपुढे बोलताना नेहरूंनी स्पष्ट सांगितले होते की, जेथे स्वातंत्र्य धोक्यात येते, न्यायावर गदा येते किंवा आक्रमण होते, तेथे भारत तटस्थ राहू शकत नाही आणि राहणार नाही.

धोरणाचा गाभा असा होता : कोणत्याही महासत्तेशी लष्करी करार करायचा नाही, आपल्या भूमीवर परकी तळ होऊ द्यायचे नाहीत, मदत दोघांकडूनही घ्यायची, आणि जो प्रश्न समोर येईल त्यावर त्या प्रश्नाच्या गुणदोषांनुसार मत बनवायचे. म्हणजे एखाद्या ठरावावर भारत कोणत्या बाजूने मत देणार हे मतदानाच्या आधी वॉशिंग्टनला किंवा मॉस्कोला गृहीत धरता येऊ नये. लष्करी करार केला की देशाचे मत आधीच दिल्यासारखे होते, आणि नव्या देशाला नेमके तेच नको होते.

यामागे नैतिक भूमिका होतीच, पण हिशेबही होता, आणि तो हिशेब मला तितकाच महत्त्वाचा वाटतो. भारताची सेना ब्रिटिश पद्धतीने घडलेली आणि ब्रिटिश शस्त्रे वापरणारी होती. व्यापाराचा मोठा भाग ब्रिटनशी होता. महायुद्धात साठलेली भारताची स्टर्लिंगमधील, म्हणजे ब्रिटिश चलनातील, येणी लंडनमध्ये अडकून पडलेली होती. त्यामुळे पश्चिमेशी संबंध तोडणे शक्यच नव्हते. दुसरीकडे सोव्हिएत संघ उत्तरेला अगदी जवळ होता आणि १९४९ नंतर शेजारी साम्यवादी चीन उभा राहिला होता, तेव्हा त्या बाजूचे शत्रुत्व ओढवून घेणे परवडणारे नव्हते. देशांतर्गत परिस्थितीही अशीच होती. तेलंगणात कम्युनिस्टांच्या नेतृत्वाखाली सशस्त्र लढा चालू होता, १९५२ च्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीनंतर कम्युनिस्ट हा लोकसभेतील सर्वांत मोठा विरोधी गट ठरला, आणि त्याच वेळी काँग्रेसमध्ये व काँग्रेसबाहेर कम्युनिस्टांना कडवा विरोध करणारे मोठे वर्ग होते. सरकारने एखादी छावणी निवडली असती तर शीतयुद्ध देशाच्या राजकारणात शिरले असते.

सुरुवातीला या भूमिकेवर कोणीच विश्वास ठेवला नाही. विजयालक्ष्मी पंडित १९४७ ते १९४९ या काळात मॉस्कोत भारताच्या राजदूत होत्या, पण स्टालिन यांनी त्यांना एकदाही भेट दिली नाही. एप्रिल १९४९ मध्ये प्रजासत्ताक होऊनही राष्ट्रकुलात राहण्याचा निर्णय भारताने घेतला, तेव्हा तर मॉस्कोचा आणि देशातील अनेक टीकाकारांचा असा समज पक्का झाला की हा देश अजून ब्रिटनच्याच पदराला बांधलेला आहे. वॉशिंग्टनला मात्र हाच देश रशियाकडे झुकलेला वाटत होता. नेहरूंच्या १९४९ च्या अमेरिका दौऱ्यात स्वागत जोरदार झाले, परंतु ठोस मदत काही हाती लागली नाही.

कोरिया : पहिली खरी कसोटी

अलिप्तता म्हणजे काय हे भाषणांतून समजत नाही, ते कोरियाच्या युद्धातील भारताच्या वागणुकीतून समजते. म्हणून तेथे थोडे थांबायला हवे.

२५ जून १९५० रोजी उत्तर कोरियाच्या फौजा दोन कोरियांना विभागणाऱ्या ३८ व्या अक्षांशावरून दक्षिणेत घुसल्या. भारत तेव्हा सुरक्षा परिषदेचा अस्थायी सदस्य होता. उत्तर कोरियाला हल्ला थांबवण्यास सांगणाऱ्या ठरावाच्या बाजूने भारताने मत दिले, कारण आक्रमण हे आक्रमणच होते. दक्षिण कोरियाला लष्करी साहाय्य देण्याची शिफारस करणारा दुसरा ठरावही त्याने काही दिवसांच्या विचारानंतर स्वीकारला, पण लढणारे सैन्य पाठवले नाही; पाठवले ते लेफ्टनंट कर्नल ए. जी. रंगराज यांच्या नेतृत्वाखालील ६० व्या पॅराशूट फील्ड अँब्युलन्सचे वैद्यकीय पथक. जुलैमध्ये नेहरूंनी स्टालिन आणि अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री अॅचेसन या दोघांना पत्रे लिहून, साम्यवादी चीनला सुरक्षा परिषदेत स्थान द्यावे आणि तेथे कोरियाचा प्रश्न सोडवावा, असे सुचवले. स्टालिन यांनी सूचनेचे स्वागत केले, अॅचेसन यांनी ती नाकारली.

पुढे संयुक्त राष्ट्रांच्या झेंड्याखालील, प्रामुख्याने अमेरिकी असलेल्या फौजांनी उत्तरेकडे मुसंडी मारली, आणि त्या ३८ वा अक्षांश ओलांडणार का हा प्रश्न उभा राहिला. ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात चीनचे पंतप्रधान चाऊ एन-लाय यांनी भारताचे राजदूत का. मा. पणिक्कर यांना मध्यरात्री बोलावून घेतले आणि अमेरिकी सैन्याने ती रेषा ओलांडली तर चीन युद्धात उतरेल असे बजावले. अमेरिकेचे तेव्हा बीजिंगशी राजनैतिक संबंधच नव्हते. भारताने डिसेंबर १९४९ मध्ये नव्या चीनला मान्यता दिली होती, म्हणूनच हा निरोप कोणाकडे तरी देणे चीनला शक्य झाले. दिल्लीने तो ताबडतोब पुढे पोहोचवला. वॉशिंग्टनने पणिक्करांना चीनकडे झुकलेले मानून इशाऱ्याकडे दुर्लक्ष केले, रेषा ओलांडली गेली, आणि त्याच महिन्यात चिनी सैन्य सीमेवरील यालू नदी ओलांडून कोरियात उतरले. युद्ध आणखी पावणेतीन वर्षे चालले. दोन्हीकडे दार उघडे असलेल्या देशाचा उपयोग काय, याचे याहून स्पष्ट उदाहरण मला माहीत नाही. मात्र ज्याच्याकडे आपण निरोप नेतो त्याचा आपल्यावर विश्वास नसेल तर निरोप वाया जातो, हेही त्याच प्रसंगात दिसले.

फेब्रुवारी १९५१ मध्ये चीनला आक्रमक ठरवणारा अमेरिकेचा ठराव संयुक्त राष्ट्रांच्या महासभेत मतदानाला आला, तेव्हा भारताने विरोधात मत दिले. अमेरिकेत त्यावर मोठा संताप उसळला. दुसऱ्या वर्षी नेमका उलटा प्रकार घडला. युद्धबंदीची बोलणी युद्धकैद्यांच्या प्रश्नावर अडली होती, कारण संयुक्त राष्ट्रांच्या ताब्यातील हजारो चिनी व उत्तर कोरियाई कैदी मायदेशी परतायला तयार नव्हते. त्यांना जबरदस्तीने परत पाठवू नये असा अमेरिकेचा आग्रह होता, तर सर्वांना परत द्या अशी साम्यवादी बाजूची मागणी होती. भारताच्या वतीने कृष्ण मेनन यांनी मांडलेल्या ठरावात असा मार्ग काढला होता की, कैद्यांवर कोणत्याही दिशेने बळजबरी होणार नाही आणि त्यांचा ताबा एका तटस्थ आयोगाकडे जाईल. डिसेंबर १९५२ मध्ये महासभेने तो प्रचंड बहुमताने संमत केला, पण या वेळी सोव्हिएत प्रतिनिधी विशिन्स्की यांनी भारतावर कडाडून टीका केली आणि चीननेही ठराव फेटाळला. मार्च १९५३ मध्ये स्टालिन यांचे निधन झाले, मॉस्कोचा सूर बदलला, आणि जून-जुलैमध्ये जी तडजोड झाली तिची रचना बऱ्याच अंशी या भारतीय ठरावासारखीच होती.

आयोगावर स्वीडन, स्वित्झर्लंड, पोलंड आणि चेकोस्लोव्हाकिया यांचे प्रतिनिधी होते, म्हणजे दोन एका बाजूला मान्य असलेले आणि दोन दुसऱ्या बाजूला. पाचवा सदस्य आणि अध्यक्ष भारत होता, जनरल थिमय्या यांच्या रूपाने. कैद्यांचा प्रत्यक्ष ताबा घेण्यासाठी गेलेल्या भारतीय दलाचे प्रमुख होते कोल्हापूरचे मेजर जनरल एस. पी. पी. थोरात. दक्षिण कोरियाचे अध्यक्ष सिंगमन ऱ्ही यांचा भारतावर इतका राग होता की, भारतीय सैनिकांना आपल्या भूमीवर पाऊल ठेवू देणार नाही असे त्यांनी जाहीर केले होते, आणि त्यामुळे जहाजाने आलेल्या या सैनिकांना अमेरिकी हेलिकॉप्टरांतून थेट निर्लष्करी पट्ट्यात उतरवावे लागले. तेथे सुमारे २२,६०० चिनी व उत्तर कोरियाई कैदी आणि दुसऱ्या बाजूकडून आलेले ३५९ कैदी त्यांच्या स्वाधीन झाले. छावण्यांतील वातावरण अत्यंत स्फोटक होते. कैद्यांनी एका भारतीय अधिकाऱ्याला पकडून ठेवले तेव्हा थोरात स्वतः कुंपणाच्या आत गेले आणि गोळीबार न होता तो प्रसंग निभावला.

बहुसंख्य कैद्यांनी मायदेशी जायला अखेरपर्यंत नकार दिला. ठरलेली मुदत संपल्यावर जानेवारी १९५४ मध्ये थिमय्या यांनी उरलेले कैदी ज्यांच्याकडून आले त्यांच्या हवाली केले, मात्र त्यांना परस्पर मुक्त करणे करारात बसत नाही असे मतही नोंदवले. साम्यवादी बाजू हवाली केल्यामुळे नाराज झाली आणि संयुक्त राष्ट्रांची बाजू या नोंदीमुळे. दोन्हीकडे जाण्यास नकार देणारे ऐंशीहून अधिक कैदी भारतीय दलाबरोबर जहाजाने भारतात आले. दोन्ही बाजूंची नाराजी पत्करून दोन्ही बाजूंना हवे असलेले काम पार पाडणे हे या धोरणाचे सर्वांत मोठे यश होते असे मला वाटते. तोपर्यंत भारताला बोलघेवडा समजणाऱ्या सत्तांनी १९५४ मध्ये व्हिएतनाम, लाओस आणि कंबोडियातील युद्धबंदीवर देखरेख करणाऱ्या आयोगांचे अध्यक्षपदही भारताकडेच सोपवले.

गहू, पोलाद आणि शस्त्रे

मदत दोघांकडून घ्यायची हे ठरवणे सोपे होते; ती मिळवणे वेगळे. १९५० च्या अखेरीस भारताने अमेरिकेकडे २० लाख टन धान्य मागितले. कोरियावरील भारताच्या भूमिकेमुळे चिडलेल्या अमेरिकी काँग्रेसने कित्येक महिने चर्चा लांबवली, आणि जून १९५१ मध्ये शेवटी १९ कोटी डॉलरची मदत मंजूर केली ती कर्ज म्हणून. दरम्यान चीन आणि सोव्हिएत संघाकडून काही धान्य आले. त्याचे प्रमाण कमी होते, पण आपल्या दिरंगाईने दुसऱ्याला संधी मिळते हे त्यातून वॉशिंग्टनला कळले.

स्टालिन यांच्यानंतर मॉस्कोचे धोरण बदलल्यावर ही स्पर्धा भारताच्या खऱ्या उपयोगी पडू लागली. फेब्रुवारी १९५५ मध्ये भिलाई येथे दहा लाख टन क्षमतेचा पोलाद कारखाना उभारण्याचा करार सोव्हिएत संघाशी झाला. त्याचे कर्ज अडीच टक्के व्याजाचे होते. राउरकेल्याचा कारखाना पश्चिम जर्मनीच्या आणि दुर्गापूरचा ब्रिटनच्या साहाय्याने उभा राहिला. ऑगस्ट १९५८ मध्ये परकी चलनाचा साठा आटला तेव्हा जागतिक बँकेच्या पुढाकाराने पाश्चात्त्य देशांचा मदतगट स्थापन झाला. मे १९६० मध्ये अमेरिकेने चार वर्षांत एक कोटी सत्तर लाख टन धान्य रुपयांत देण्याचा करार केला. लोकशाही भारत आणि साम्यवादी चीन यांच्यात कोण आधी पुढे जाते यावर आशियाचा कल ठरेल, अशी अमेरिकेतील अनेकांची धारणा झाली होती, आणि भारत छावणीत नसूनही त्याला उभे ठेवणे त्यांना स्वतःच्या हिताचे वाटू लागले होते.

या व्यवहारातील धोकाही सांगायला हवा. ज्याच्या धान्यावर आपण जगतो त्याच्याशी मतभेद ठेवणे फार अवघड असते. १९६५ ते १९६७ या दुष्काळी काळात अध्यक्ष जॉन्सन यांनी भारताला धान्याच्या बोटी थोड्या थोड्या मुदतीने, हात आखडता घेऊन सोडल्या, आणि व्हिएतनामवरील भारताची टीका त्यांना खुपत होती हे लपून राहिले नव्हते. शेतीत स्वयंपूर्ण होण्याची धडपड नंतर इतक्या तातडीने का झाली, त्याचे एक उत्तर येथे आहे. परराष्ट्र धोरणाचे स्वातंत्र्य धान्याच्या कोठारांवर किती अवलंबून असते हे आपल्या इतिहासाच्या पुस्तकांत पुरेसे सांगितले जात नाही, याची मला खंत वाटते.

शस्त्रांच्या बाबतीत चित्र आणखी बिकट होते. मे १९५४ मध्ये पाकिस्तानने अमेरिकेशी संरक्षण साहाय्य करार केला. त्याच वर्षी तो सीटो या आणि १९५५ मध्ये बगदाद करार या पाश्चात्त्य देशांच्या लष्करी गटांत सामील झाला. अध्यक्ष आयझेनहॉवर यांनी भारतालाही शस्त्रे देऊ केली होती, पण नेहरूंनी ती नाकारली. शीतयुद्ध अशा रीतीने भारताच्या सीमेपर्यंत आले. डिसेंबर १९५५ मध्ये भारतभेटीवर आलेले सोव्हिएत नेते ख्रुश्चेव्ह यांनी श्रीनगरमध्ये काश्मीर हा भारताचा भाग असल्याचे जाहीर केले, आणि फेब्रुवारी १९५७ मध्ये सोव्हिएत संघाने सुरक्षा परिषदेत काश्मीरवरील ठरावावर नकाराधिकार वापरला. एका महासत्तेने शेजाऱ्याला शस्त्रे दिली की दुसरीकडे ओढ निर्माण होतेच, आणि पुढच्या दोन दशकांचा कल येथूनच सुरू होतो.

१९५६ : तराजू सरळ राहिला का

एप्रिल १९५५ मध्ये इंडोनेशियातील बांडुंग येथे २९ आशियाई-आफ्रिकी देश एकत्र आले आणि वसाहतवादातून सुटलेल्या देशांचा स्वतःचा आवाज जगाने ऐकला. जून १९५६ मध्ये अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री डलेस यांनी तटस्थतेला, काही अपवाद सोडता, अनैतिक आणि अदूरदर्शी म्हटले. त्याच वर्षाच्या अखेरीस या धोरणावर जो आक्षेप आला तो मात्र डलेस यांच्या टीकेपेक्षा कितीतरी अधिक बोचणारा होता, कारण तो देशातूनच आला.

ऑक्टोबरच्या शेवटी इस्रायल, ब्रिटन आणि फ्रान्स यांनी सुएझ कालव्यासाठी इजिप्तवर हल्ला केला. नोव्हेंबरच्या आरंभी सोव्हिएत रणगाडे हंगेरीतील उठाव चिरडण्यासाठी बुडापेस्टमध्ये शिरले. सुएझवर भारताने तत्काळ आणि निःसंदिग्ध निषेध केला. हंगेरीवर तो चाचरला. महासभेतील मतदानात तो अलिप्त राहिला, आणि ९ नोव्हेंबरला, हंगेरीत संयुक्त राष्ट्रांच्या देखरेखीखाली निवडणुका घ्याव्यात अशी मागणी असलेल्या ठरावाच्या तर चक्क विरोधात त्याने मत दिले. परकी देखरेखीखालील मतदानाचा पायंडा पडला तर तो उद्या काश्मीरला लावला जाईल, ही भीती त्यामागे होती. जयप्रकाश नारायण यांच्यासह अनेकांनी नेहरूंवर जाहीर टीका केली आणि काही दिवसांनी नेहरूंनी संसदेत सोव्हिएत कारवाईबद्दल अधिक स्पष्ट शब्द वापरले. प्रत्येक प्रश्न गुणदोषांवर तपासण्याचे वचन देणाऱ्या देशाने येथे दोन आक्रमणांना दोन मापे लावली, असे म्हणण्याशिवाय गत्यंतर नाही. काश्मीरची अडचण खरी होती, पण तिच्यामुळे हंगेरीतील वस्तुस्थिती बदलत नव्हती.

या धोरणाचे सर्वांत मूलगामी टीकाकार मात्र डॉ. बाबासाहेब आंबेडकर होते, आणि तेही १९५१ मध्येच. मंत्रिमंडळाचा राजीनामा देतानाच्या निवेदनात त्यांनी दाखवून दिले की, वर्षाच्या ३५० कोटी रुपयांच्या महसुलापैकी सुमारे १८० कोटी सैन्यावर खर्च होतात, आणि हा भार आपल्याला एकट्याने उचलावा लागतो कारण गरज पडल्यास मदतीला येईल असा मित्र आपल्या परराष्ट्र धोरणाने उरू दिलेला नाही. चीनवर विसंबण्याबद्दलही त्यांनी पुढे राज्यसभेत इशारा दिला. त्यांच्या युक्तिवादाला त्या काळी जे उत्तर द्यायला हवे होते ते कोणी दिले नाही : मित्र नको असतील तर स्वतःचे बळ दुप्पट हवे, आणि ते उभारण्याची योजना काय.

धोका आला तो तिसरीकडून

एप्रिल १९५४ मध्ये तिबेटशी व्यापारविषयक करार करताना भारत आणि चीन यांनी पंचशीलाची पाच तत्त्वे लिहून ठेवली. १९५९ मध्ये तिबेटमधील उठाव, दलाई लामांचे भारतात येणे आणि सीमेवरील चकमकी यांनी ते पर्व संपले. कोरियात कामगिरी बजावलेले थोरात तेव्हा पूर्व विभागाचे सेनापती होते. ईशान्य सीमेचे रक्षण हाताशी असलेल्या बळावर होणार नाही, हे त्यांनी लेखी कळवले होते. थिमय्या लष्करप्रमुख होते. ज्या दोघांनी अलिप्ततेची सर्वांत अवघड जबाबदारी पार पाडली, त्याच दोघांचा लष्करी सल्ला दिल्लीने पुरेसा मनावर घेतला नाही.

२० ऑक्टोबर १९६२ रोजी चीनने लडाख आणि ईशान्य सीमा अशा दोन्ही आघाड्यांवर हल्ला केला. क्युबातील क्षेपणास्त्रांवरून अमेरिका आणि सोव्हिएत संघ त्याच दिवसांत अणुयुद्धाच्या उंबरठ्यावर होते, आणि चीनला दुखवणे नको म्हणून मॉस्कोने सुरुवातीला चीनच्या प्रस्तावांची पाठराखण केली. १९ नोव्हेंबरला नेहरूंनी अध्यक्ष केनेडींना पत्रे लिहून लढाऊ विमानांच्या बारा तुकड्यांसह थेट हवाई साहाय्य मागितले. २१ नोव्हेंबरला चीनने एकतर्फी युद्धबंदी जाहीर केल्याने ते देण्याचा प्रसंग आला नाही, पण अमेरिकी आणि ब्रिटिश शस्त्रे तोवर येऊ लागली होती, आणि त्यांच्या पाठोपाठ काश्मीरवर पाकिस्तानशी बोलणी करा असा आग्रहही आला. भारताचे स्वर्णसिंग आणि पाकिस्तानचे भुत्तो या मंत्र्यांत मे १९६३ पर्यंत सहा फेऱ्या झाल्या व निष्फळ ठरल्या. जेमतेम एक वर्षापूर्वी, सप्टेंबर १९६१ मध्ये, बेलग्रेडला पहिल्या अलिप्त परिषदेत जमलेल्या २५ देशांपैकी फार थोड्यांनी चीनला उघड दोष दिला. कोलंबोत जमलेल्या सहा देशांनी मध्यस्थीचे प्रस्ताव तयार केले, म्हणजे कोरियात भारताने जी भूमिका घेतली होती तीच त्यांनी भारताच्या बाबतीत घेतली.

या पराभवाला अलिप्तता कारणीभूत होती असे सरसकट म्हटले जाते. मला ते पटत नाही. दोन महासत्तांच्या ओढाताणीत निर्णयाचा अधिकार कसा राखावा यासाठी हे धोरण होते आणि ते काम त्याने केले. १९६२ मध्ये मदत मागताच काही दिवसांत पाश्चात्त्य विमाने उतरू लागली आणि पुढे सोव्हिएत मिग-२१ चा करारही टिकला, नाशिकजवळ ओझरला त्या विमानांचा कारखाना उभा राहिला. चूक होती ती शेजारच्या बलाढ्य देशाशी असलेला सीमावाद शब्दांनी आणि सदिच्छेने आवरता येईल असे मानण्यात, आणि त्या समजुतीवर विसंबून सैन्याकडे दुर्लक्ष करण्यात. अलिप्त देशाला मित्रदेशांच्या फौजा मिळत नाहीत, म्हणून त्याला स्वतःच्या फौजेवर अधिक खर्च करावा लागतो. १९५० च्या दशकात तो केला गेला नाही.

जुलै १९७१ मध्ये अमेरिकी अध्यक्षांचे सुरक्षा सल्लागार किसिंजर पाकिस्तानमार्गे गुप्तपणे बीजिंगला गेले, तेव्हा पूर्व पाकिस्तानातून लाखो निर्वासित भारतात येत होते आणि अमेरिका, चीन व पाकिस्तान एकत्र आल्याचे स्पष्ट दिसत होते. ९ ऑगस्टला भारताचे परराष्ट्रमंत्री स्वर्णसिंग आणि सोव्हिएत परराष्ट्रमंत्री ग्रोमिको यांनी वीस वर्षांच्या मैत्री करारावर सह्या केल्या. त्याच्या नवव्या कलमानुसार एका देशावर हल्ला झाला किंवा हल्ल्याचा धोका उद्भवला तर दोघांनी तत्काळ विचारविनिमय करायचा होता. दुसऱ्याच्या बाजूने युद्धात उतरण्याचे बंधन त्यात नव्हते. चौथ्या कलमात भारताच्या अलिप्ततेच्या धोरणाचा सोव्हिएत संघ आदर करतो असे मुद्दाम लिहून घेतले होते. डिसेंबरमध्ये पाकिस्तानशी झालेल्या युद्धात सुरक्षा परिषदेतील सोव्हिएत नकाराधिकार भारताच्या कामी आले, आणि त्यानंतर तोल मॉस्कोकडे झुकलेला होता हे नाकारण्यात अर्थ नाही. तरीही सोव्हिएत नेते ब्रेझनेव्ह यांनी १९६९ पासून पुढे रेटलेल्या आशियाई सामूहिक सुरक्षा योजनेला भारताने मान्यता दिली नाही, आणि सोव्हिएत नौदलाला भारतीय बंदरांत कायमचा तळही मिळाला नाही.